दिनविशेष : १२ जानेवारी
सी. रामचंद्र : पुणतांब्याचा सूर, ‘ताज’चा स्विंग

संगीतकार सी. रामचंद्र यांचा आज जन्मदिन. रामचंद्र नरहर चितळकर ऊर्फ अण्णा यांचा जन्म १९१८ चा, तेव्हाच्या नगर जिल्ह्यातल्या पुणतांब्याचा. शिक्षण विनायकबुवा पटवर्धनांकडे, म्हणजे पक्की शास्त्रीय तालीम. तरीही अमेरिकी स्विंग हिंदी चित्रपटात खऱ्या अर्थाने रुजवला तो अण्णांनीच.

त्या काळी मुंबईच्या ‘ताज’ हॉटेलमध्ये गोव्याचे वादक जॅझ वाजवत. त्यांतला ट्रम्पेटवादक चिक चॉकलेट, मूळ नाव अँटोनियो झेवियर वाझ, हळदोण्याचा. लुई आर्मस्ट्राँगवर त्याची भक्ती. अण्णांनी त्याला जवळ केले आणि ‘अलबेला’ची (१९५१) गाणी उभी राहिली. ‘शोला जो भडके’ नीट ऐका : बोंगो ठेका धरतो, मध्येच क्लॅरिनेट आणि सॅक्सोफोन बोलू लागतात, ट्रम्पेट झेपावतो; पण चाल मात्र आपल्या मातीतली राहते. त्याआधी ‘शहनाई’त (१९४७) गिटार, माउथऑर्गन आणि चक्क शिट्टी! हे धाडस फार मोठे होते.

‘अलबेला’चे नायक भगवानदादा यांचा नाच तर कळंबोली-पनवेलच्या हळदीत बेंजो सुरू झाला की आजही दिसतो. त्या ठेक्यामागच्या गोव्याच्या वादकांची नावे पडद्यावर क्वचितच झळकली. ती आवर्जून घ्यायला हवीत. चिक १९६७ मध्ये गेला, अण्णा ५ जानेवारी १९८२ रोजी.