न गाणाऱ्यांचा संगीतकार

संगीतकाराचा मोठेपणा आपण त्याच्या गायकांवरून जोखतो. वसंत देसाईंचा मोठेपणा मला, ज्यांना गाता येत नाही, त्यांच्या गळ्यावरून जोखावासा वाटतो.

देसाई मूळचे कोकणातले, कुडाळजवळच्या सोनवड्याचे. जन्म १९१२ चा. १९२९ मध्ये 'प्रभात' निघाली, तेव्हापासून ते व्ही. शांताराम यांच्यासोबत होते. पडद्यावर काम केले, गायले आणि गोविंदराव टेंबे, मास्टर कृष्णराव यांच्या हाताखाली शिकले. पुढे 'राजकमल'च्या 'शकुंतला'ने (१९४३) त्यांचे नाव झाले. 'झनक झनक पायल बाजे'साठी (१९५५) त्यांच्याकडे उस्ताद अमीर खाँ गायले, 'गूंज उठी शहनाई'त (१९५९) उस्ताद बिस्मिल्ला खाँ यांची सनई वाजली.

एवढे कलावंत लाभलेला हा माणूस १९५७ मध्ये 'दो आँखें बारह हाथ'साठी प्रार्थना बांधतो, तेव्हा काय करतो? ताना, हरकती बाजूला ठेवतो. खुल्या तुरुंगातल्या सहा कैद्यांची ही गोष्ट. चाल संथ, ओळ छोटी, श्वास घ्यायला मधे जागा.

१९७१ च्या 'गुड्डी'त तर दोन्ही टोके शेजारी आहेत. गायिका एकच, वाणी जयराम. एक गाणे मियाँ मल्हारातले, कसलेल्या गळ्याचे. दुसरी शाळेची प्रार्थना. तिला आधार केदार रागाचा, पण राग ओळखू न येणाऱ्या पोरालाही ती पहिल्या आठवड्यात पाठ होते.

आमच्या घोटीत पावसाळ्यात पटांगणावर उभे राहणे अशक्य. शाळेच्या व्हरांड्यात आम्ही दाटीवाटीने उभे राहून ती म्हणायचो. पेटी नाही, तबला नाही, वर पत्र्यावर पावसाचा मारा. तरी चाल मोडत नसे. घरी मी नमाज शिकत होतो, शाळेत हात जोडत होतो, आणि दोन्हींत कुठे खटका उडाला नाही. भरत व्यास आणि गुलजार या कवींनी आपापल्या प्रार्थनेत कुठल्याच देवाचे नाव घातले नव्हते. पण शब्दांनी उघडलेले दार चालीने बंद होऊ शकते. देसाईंची चाल ना देवळाकडे ओढते, ना दर्ग्याकडे. ती प्रत्येकाला आहे तिथेच उभे राहू देते.

२२ डिसेंबर १९७५ रोजी मुंबईत लिफ्टच्या अपघातात देसाई गेले. सगळ्यांना एका सुरात म्हणता येईल असे आज आपल्याकडे फार थोडे उरले आहे. जे आहे, त्यातला मोठा वाटा त्यांचा आहे.