पिसांच्या आतला माणूस

अमेरिकेतलं सॉल्ट लेक सिटी, १९६९चा उन्हाळा. देशभरातले बाहुलीकार महोत्सवाला जमलेत आणि तुम्ही प्रेक्षागृहात मधल्या एका रांगेत जागा धरून बसला आहात. रंगमंचावर खेळ करणारा पस्तिशीचा आहे, नाव कॅरल स्पिनी. बोस्टनच्या टीव्हीवर बोझो नावाच्या विदूषकाबरोबर मुलांसाठी नाना सोंगं काढणं, ही त्याची नोकरी. आज मात्र त्याने स्वतःच्या डोक्यातलं काहीतरी आणलंय. मागे पडद्यावर हलती चित्रं, पुढे बाहुल्या आणि दोन्ही एकमेकांशी तंतोतंत जुळवलेली. खेळ रंगात येण्याआधीच एक प्रखर दिवा थेट पडद्यावर पडतो आणि चित्रं पार पुसून जातात. मागे काय चाललंय तेच दिसत नाही, मग बाहुलीने वळायचं कधी आणि थांबायचं कुठे? सगळा मेळ विस्कटतो. स्पिनी सुचेल ते बोलत, बाहुल्यांकडून जमेल ते करून घेत वेळ निभावून नेतो.

खेळ संपल्यावर त्याच्यामागोमाग विंगेत जा. तिथे एक उंच, दाढीवाला, हळू आवाजात बोलणारा माणूस त्याला गाठतो. हा जिम हेन्सन, मपेट्सचा जनक. सात वर्षांपूर्वी अशाच एका महोत्सवात दोघांची ओळख झाली होती. तेव्हाही हेन्सनने 'ये एकदा न्यूयॉर्कला' म्हटलं होतं, पण ते कामाचं आमंत्रण आहे हे स्पिनीच्या लक्षातच आलं नव्हतं. आज हेन्सन म्हणतो, तुला जे करायचं होतं ते मला आवडलं, आणि पुन्हा न्यूयॉर्कला बोलावतो. झालेल्या खेळाबद्दल तो बोलत नाही, मनात असलेल्या खेळाबद्दल बोलतो. मला हेन्सनच्या साऱ्या कर्तबगारीत ही नजर फार मोठी वाटते. चांगल्या झालेल्या खेळाला टाळ्या कुणीही देईल. फसलेल्या खेळातून माणूस हेरायला स्वतः बाहुली हातात घालून उभं राहिलेलं असावं लागतं.

न्यूयॉर्कला जाण्याआधी वाटेत जरा मागे वळा, महायुद्धाच्या दिवसांतल्या मॅसॅच्युसेट्सकडे. आठ वर्षांच्या स्पिनीने जुन्या सामानाच्या विक्रीत पाच सेंटला एक माकड घेतलंय, हातात घालायचं. जोडीला हिरव्या फ्लॅनेलचा साप. दोन सेंट तिकीट लावून तो खेळ करतो. सोळा प्रेक्षक, बत्तीस सेंटचा गल्ला. आई हे सगळं पाहते आणि नाताळला त्याला बाहुल्यांचा संच आणि रंगमंच स्वतःच्या हाताने बनवून देते.

आता न्यूयॉर्क, १९६९चाच पानगळीचा मोसम. ब्रॉडवेवरच्या एका जुन्या नाट्यगृहाचा स्टुडिओ झालाय आणि आत एक अख्खी गल्ली उभी केलीय: पायऱ्यांची घरं, कोपऱ्यावरचं दुकान, दाराशी कचऱ्याचा डबा. 'सेसमी स्ट्रीट' १० नोव्हेंबरला सुरू होणार आहे. ज्यांच्या घरी पुस्तकं नाहीत, बालवाडीचे पैसे नाहीत अशा मुलांना टीव्हीवरून अक्षरं-आकडे शिकवायचे, हा त्यामागचा ध्यास. स्पिनीच्या वाट्याला दोन पात्रं आली आहेत. एक ऑस्कर, डब्यात राहणारा आणि सगळ्यांवर खेकसणारा. पहिल्या वर्षी तो नारिंगी आहे, हिरवा नंतर होईल. त्याचा आवाज कुठून आला ते ऐकायचं तर ऑस्करच्या पहिल्या कामाच्या दिवशी स्पिनीबरोबर टॅक्सीत बसा. चालक ब्राँक्सचा, बोलणं खरखरीत, प्रत्येक वाक्यात कुणावर तरी राग. मागे बसलेला स्पिनी तो सूर मनातल्या मनात घोकतोय. स्टुडिओत पोचेपर्यंत ऑस्कर तयार असतो.

दुसरं पात्र बिग बर्ड, आणि ते सुरुवातीला नीट जमत नाहीये. आठ फूट दोन इंचांचा हा पिवळा पक्षी कर्मिट लव्ह या कारागिराने बांधलाय. पहिल्या भागांत त्याच्या डोक्यावर पिसंसुद्धा विरळ आहेत. खेड्यातून आलेला, दारांना धडकणारा, बावळट असा हा बिग बर्ड आहे. लोक हसतात, पण हसण्यापलीकडे काही घडत नाही. मग एके दिवशी एक प्रसंग हातात येतो. काही लहान मुलं पाळणाघरात जाणार आहेत आणि बिग बर्डलाही त्यांच्याबरोबर जायचंय. स्पिनी कागद वाचतो आणि निर्मात्यांना सांगतो की हा बावळट नाही, हा मूल आहे. मुलांना जे ठाऊक नसतं ते यालाही ठाऊक नसावं.

तुम्ही त्या क्षणी सेटच्या कडेला आहात आणि बाहेरून पाहिलं तर काहीच बदललेलं नाही. पिसं तीच, चोच तीच. आवाजातला जाडेपणा मात्र गेला. वाक्याच्या शेवटी सूर थोडा वर जायला लागला, उत्तराची वाट पाहणारा. पुढे बिग बर्डचं वय सहावर कायम होतं. माझ्या मते हा एक निर्णय म्हणजेच स्पिनीची सगळी कारकीर्द. न कळणाऱ्याची टिंगल करायची की त्याच्या बाजूने उभं राहायचं, हे त्याने ठरवलं.

पैशाची मात्र ओढाताण आहे. न्यूयॉर्कचा खर्च भागत नाही आणि सोडून जावं असं स्पिनीच्या मनात येतं. आणखी एक महिना थांब, असं कर्मिट लव्ह त्याला सांगतो. तो थांबतो. नोव्हेंबर १९७०मध्ये 'टाइम'च्या मुखपृष्ठावर बिग बर्ड झळकतो.

पुढे चला, तेरा वर्षं पुढे. १९८३ साल आहे आणि या वेळी कडेला उभं राहायचं नाही, आत शिरायचंय.

पट्ट्यापट्ट्यांचे नारिंगी पाय म्हणजे तुमची विजार. वरून पिवळ्या रंगवलेल्या टर्कीच्या पिसांचा अंगरखा चढतो, हजारो पिसांचा. उजवा हात सरळ डोक्यावर न्या. बिग बर्डची मान म्हणजे हा हात आणि त्याचं डोकं म्हणजे हा पंजा. अंगठ्याने आणि बोटांनी चोच चालवायची. करंगळी एका बारीक दांडीवर ठेवा, ती हलली की पापण्या हलतात. डोक्याचं वजन दोन किलोंच्या आसपास आहे आणि प्रसंग संपेपर्यंत हात खाली येणार नाही. डावा हात डाव्या पंखात. उजवा पंख नुसता भरलेला, तो मासे धरायच्या दोऱ्याने डाव्या हाताशी जोडलाय. दोरा मानेखालून फिरवून आणलेला, म्हणून डावा पंख खाली गेला की उजवा वर उचलला जातो. आत उकाडा आहे आणि बाहेरचं काहीही दिसत नाही. छातीवर एक छोटा टीव्ही बांधलाय, कॅमेरा टिपतो तेच चित्र त्यात येतं. हा आरसा नव्हे. कॅमेऱ्याकडे तोंड करून तुम्ही उजवीकडे सरकलात की पडद्यावरचा पक्षी डावीकडे जातो. टीव्हीच्या खाली संवादांचे कपटे चिकटवलेत. मान वाकवून तुम्ही तिथे वाचायचं, आणि तेवढ्यात वरच्या पक्ष्याने मात्र समोरच्याच्या डोळ्यांत पाहायचं.

आपल्याकडे बोलक्या बाहुल्या म्हटलं की रामदास पाध्ये आणि अर्धवटराव आठवतात. तिथे माणूस आणि बाहुला शेजारी बसतात आणि त्यांची जुगलबंदी हाच खेळ असतो. इथे माणूस दिसताच कामा नये.

आजचा प्रसंग अवघड आहे. कोपऱ्यावरचे दुकानदार मिस्टर हूपर साकारणारा नट विल ली डिसेंबर १९८२मध्ये वारला. हूपर निवृत्त होऊन दुसऱ्या गावी राहायला गेले, असं सांगून मोकळं होता आलं असतं. नवा नट आणता आला असता. निर्मात्यांनी मुलांना खरं सांगायचं ठरवलं. नॉर्मन स्टाइल्सने प्रसंग लिहिला. लिहिण्याआधी मानसतज्ज्ञांशी बोलणं झालं. म्हातारपण नको, आजारपण नको, झोपले वगैरे तर मुळीच नको. नाहीतर आजोबांना ताप आला किंवा आई झोपली तरी मूल धास्तावायचं.

तुमच्या डाव्या पंखात कागद आहेत. गल्लीतल्या सगळ्यांची चित्रं बिग बर्डने काढलीत. खरी ती स्पिनीने स्वतःच्या हाताने काढली आहेत. एकेकाला तुम्ही त्याचं चित्र देता, सगळे कौतुक करतात. शेवटी हूपरचं उरतं. ते कुठे आहेत, तुम्ही विचारता. मोठी माणसं एकमेकांकडे पाहतात. ते वारले, आम्ही सांगितलं होतं ना. हो, आठवलं, मग आले की देईन. आणि मग तुम्हाला कळतं की ते येणार नाहीत. तुमच्यासाठी दाण्यांचं मिल्कशेक कोण करणार, गोष्टी कोण सांगणार? त्यांच्यातला डेव्हिड म्हणतो, मी करीन. हे असं का, असं तुम्ही विचारता तेव्हा मोठ्यांकडे कारण नसतं आणि ते तसंच सांगतात. हूपरचं नाव बिग बर्ड नेहमी चुकवायचा आणि म्हातारा प्रत्येक वेळी दुरुस्त करायचा. आज बिग बर्ड पुन्हा चुकतो आणि दुरुस्त करायला गल्लीतली मारिया पुढे होते.

छातीवरच्या टीव्हीत त्या नटांचे चेहरे दिसतायत. ते अभिनय करत नाहीयेत, विल ली त्यांचा मित्र होता. तुमचेही डोळे भरलेत आणि पुसायला हात मोकळा नाही. उजवा बिग बर्डचं डोकं धरून आहे, डावा चित्र धरून. आवाज फुटू द्यायचा नाही, कारण रडू तुमचं आहे आणि बिग बर्डला अजून पुरतं उमगलेलं नाही. दोघांच्या दुःखातलं हे अंतर राखणं म्हणजे काय, ते या पोशाखाबाहेर उभं राहून कधीच समजलं नसतं. भाग २४ नोव्हेंबर १९८३ला, थँक्सगिव्हिंगच्या दिवशी दाखवला गेला. हूपरचं चित्र त्यानंतर बिग बर्डच्या घरट्यापाशी कायमचं लागलं.

बाकीची वर्षं भरभर जाऊ द्या. चीनच्या भिंतीवर चित्रीकरण झालं. 'चॅलेंजर' यानातून बिग बर्डला अंतराळात न्यायचं नासाशी बोलणंही झालं होतं, पण एवढा मोठा पोशाख यानात मावणारा नव्हता. पुढे शिक्षिका क्रिस्टा मॅकऑलिफ यांची निवड झाली आणि २८ जानेवारी १९८६ला ते यान फुटलं. त्या दिवसाच्या विचाराने स्पिनीची पाठ कधी सोडली नाही.

२१ मे १९९०ला न्यूयॉर्कच्या सेंट जॉन द डिव्हाइन कॅथेड्रलमध्ये थांबा. जिम हेन्सन त्रेपन्नाव्या वर्षी अचानक गेलाय. बिग बर्ड एकटा पुढे येतो आणि हेन्सनच्या बेडकाचं, कर्मिटचं गाणं म्हणतो. पिसांच्या आत काय चाललंय ते तुम्हाला आता कुणी सांगायला नको. तो ते गाणं शेवटपर्यंत नेतो.

शरीर कधीतरी हिशेब मागणारच होतं. २०१५पर्यंत स्पिनीला तोल सांभाळता येईनासा होतो, ऐंशी ओलांडलेल्या माणसाला त्या पोशाखात चालणं जमेना. मग वाटणी होते. पोशाखात मॅट व्होगेल शिरतो, आवाज स्पिनीचाच राहतो. व्होगेल १९९०च्या दशकापासून त्याच्या हाताखाली शिकतोय, त्यामुळे स्पिनी कुठल्या शब्दाआधी श्वास घेईल ते त्याच्या हाताला ठाऊक आहे. ऑक्टोबर २०१८मध्ये, चौऱ्याऐंशीव्या वर्षी, स्पिनी आवाजही थांबवतो. पुढच्या वर्षी डिसेंबरमध्ये तो गेला. ऑस्कर एरिक जेकबसनकडे सोपवला होता, बिग बर्ड व्होगेलकडे. जेकबसनला खेकसायचं होतं. व्होगेलचं काम जास्त नाजूक, कारण त्याला सहा वर्षांच्या मुलाचा प्रश्न विचारायचा होता आणि उत्तर आधीच माहीत असल्याचं सुरात कुठेही येऊ द्यायचं नव्हतं.