‘गीतमाला’ आणि ‘रहबर’

इतिहास म्हटला की राजे, लढाया आणि तह डोळ्यांपुढे येतात. पण ज्या कार्यक्रमाने कितीतरी घरांतील बुधवारची रात्र वर्षानुवर्षे बांधून ठेवली, त्याचाही इतिहास असतोच की! ‘बिनाका गीतमाला’चे निवेदक अमीन सयानी यांच्याविषयी पुष्कळ लिहिले गेले आहे. त्यातला एक दुवा मात्र बहुधा सुटून जातो. तो महिला मंडळाने तरी सुटू देऊ नये, असे मला वाटते.

अमीन सयानींचा जन्म २१ डिसेंबर १९३२ रोजी मुंबईत झाला. त्यांच्या मातोश्री कुलसुम सयानी या साक्षरतेच्या कार्यकर्त्या. पडदा पाळणाऱ्या बायकांपर्यंत अक्षर पोचावे म्हणून त्या घरोघर हिंडल्या. नव्याने शिकलेल्या बाईला वाचायला सोपे काही मिळाले नाही, तर ती शिकलेले विसरून जाते. प्रौढवर्ग चालविणाऱ्या भगिनींना ही अडचण सांगायला नको. गांधीजींच्या प्रेरणेने कुलसुमबाईंनी १९४० साली ‘रहबर’ नावाचे पाक्षिक काढले. रहबर म्हणजे वाट दाखविणारा. भाषा एकच, साधी हिंदुस्तानी. छपाई मात्र देवनागरी, उर्दू आणि गुजराती अशा तीन लिप्यांत. हे पत्र त्यांनी १९६० पर्यंत चालविले.

या घरच्या कामात अमीन मुलगा असल्यापासून हातभार लावीत. त्यांचे शिक्षण इंग्रजी वळणाचे होते. थोरले बंधू हमीद सयानी यांचे बोट धरून ते रेडिओवर आले, तेही इंग्रजी कार्यक्रमांत. हिंदी निवेदनासाठी आवाजाची परीक्षा दिली, तेव्हा उच्चारांत इंग्रजी-गुजरातीची छटा आहे म्हणून आकाशवाणीने त्यांना नाकारले होते. सामान्य माणसाला समजेल असे बोलण्याचे शिक्षण आपल्याला ‘रहबर’ने दिले, असे ते पुढे सांगत.

१९५२ साली बाळकृष्ण विश्वनाथ केसकर माहितीमंत्री झाले आणि आकाशवाणीवर चित्रपटगीतांना कात्री लागली. अभिजात संगीताची आस्था हा त्यामागचा हेतू. पण श्रोत्यांनी सुई फिरवली आणि रेडिओ सिलोन गाठले! तेथील शॉर्टवेव्हचे प्रक्षेपण भारतभर ऐकू येई. ३ डिसेंबर १९५२ रोजी ‘गीतमाला’ सुरू झाली. ध्वनिमुद्रण मुंबईत होई आणि फिती विमानाने कोलंबोला जात.

आरंभी हा कार्यक्रम म्हणजे एक खेळच होता. सात गाणी ऐकवायची आणि श्रोत्यांनी ती कालक्रमाने लावून पत्राने कळवायची. बक्षीस शंभर रुपयांचे. पन्नासेक पत्रांची अपेक्षा होती. आली सुमारे नऊ हजार. पुढे हा आकडा आठवड्याला पासष्ट हजारांवर गेला. निवेदन, लेखन आणि पत्रांची छाननी, या साऱ्यासाठी सयानींना आठवड्याला पंचवीस रुपये मिळत. पत्रांचा हा डोंगर आवरेना, तेव्हा १९५४ च्या अखेरीस स्पर्धा बंद होऊन लोकप्रियतेच्या क्रमाने गाणी लावण्याची पद्धत आली. तबकड्यांची विक्री आणि गावोगावच्या श्रोतासंघांची मते यांवरून कोणते गाणे कितव्या ‘पायदाना’वर हे ठरे.

त्यांच्या संबोधनाकडे मी मुद्दाम लक्ष वेधते. सभांतून ‘भाइयों और बहनों’ ऐकायची सवय असलेल्या देशाला हा निवेदक ‘बहनों और भाइयों’ म्हणून हाक मारी. सकाळपासून राबलेल्या बाईला कोणीतरी आधी आपल्याला बोलावते आहे, हे जाणवल्यावाचून कसे राहील? बायकांसाठी पाक्षिक काढणाऱ्या आईच्या मुलाच्या तोंडी हा क्रम यावा, हा मला निव्वळ योगायोग वाटत नाही.

प्रश्नोत्तरांचा खेळ पुन्हा त्यांच्याकडे आला तो दुःखाच्या वाटेने. ‘बोर्नव्हिटा क्विझ कॉन्टेस्ट’ ही विद्यार्थ्यांची स्पर्धा १९७२ पासून हमीद चालवीत. १९७५ साली त्यांचे निधन झाले आणि धाकट्या भावाने ते काम उचलले. हीच स्पर्धा १९९२ साली नव्या सूत्रधाराच्या हाती दूरचित्रवाणीवर गेली. ‘गीतमाला’ १९८९ मध्ये विविधभारतीवर आली आणि १९९४ पर्यंत चालली. आईला मिळालेला ‘पद्मश्री’ किताब मुलालाही २००९ साली मिळाला. २० फेब्रुवारी २०२४ रोजी अमीन सयानी निवर्तले.

त्या दिवसांत त्यांच्या आवाजाविषयी सर्वत्र लिहून आले. आवाज देवाने दिलेला, हे खरे. पण त्या आवाजातील सोपेपणा एका बाईने कष्टाने घडविलेला होता, आणि तिच्या पाक्षिकाचे नाव आज किती जणांना ठाऊक आहे? बायकांची कामे अशीच पुसली जातात. म्हणून माझी एक सूचना आहे. आपल्या मंडळाचे प्रौढवर्ग ज्या भगिनींनी चालविले, त्यांची नावे जुन्या कार्यवृत्तांतून शोधून पुढील स्मरणिकेत छापावीत. यादी करण्याचे काम मी आनंदाने अंगावर घेईन.