लोणच्याची बरणी आणि परंपरेचे वय

पौष-माघात बाजारात भाज्यांची रेलचेल होते आणि अनेक मराठी घरांत मिश्र भाज्यांच्या लोणच्याची तयारी सुरू होते. फ्लॉवरचे तुरे, गाजराच्या फोडी, मटाराचे दाणे, ओली हळद, आले, हिरवी मिरची हा सारा ऐवज धुऊन, पंचावर पसरून कोरडा केला जातो. मोहरी नाकात झिणझिण्या येईपर्यंत फेसली जाते, वर लिंबे पिळली जातात. असे लोणचे 'आजीच्या हातचे' आणि म्हणून 'परंपरागत', असे आपण सहज म्हणून जातो. ही परंपरा नेमकी किती जुनी, हा प्रश्न या टिपणात विचारून पाहावा, असा आमचा मानस आहे.

आरंभ शब्दापासून करू. 'लोणचे' हा शब्द 'लवण'च्या 'लोण' या प्राकृत रूपाशी नाते सांगतो. म्हणजे मराठीने या पदार्थाला नाव दिले ते तिखटावरून वा आंबटावरून नव्हे, तर मिठावरून. हिंदीतला 'अचार' मात्र फारसीतून आला. गार्सिया द ऑर्ता या पोर्तुगीज वैद्याचा ग्रंथ १५६३ साली गोव्यात छापला गेला. बिब्ब्याची कोवळी फळे मिठात मुरवतात, त्यांना 'आचार' म्हणतात आणि ती बाजारात विकली जातात, अशी नोंद त्यात आहे. या नोंदीत मीठ आहे, मिरची नाही.

मिरची मूळची अमेरिका खंडातली. सोळाव्या शतकात पोर्तुगीजांच्या जहाजांबरोबर ती आपल्याकडे आली आणि मिरीच्या नावावरून तिचे बारसे झाले. फ्लॉवर तर इंग्रजी अमदानीतला. त्याने अजून आपले इंग्रजी नावही टाकलेले नाही. बरणीची माती 'चिनी', आणि हिंदी-उर्दूतला 'मर्तबान' हा शब्द ब्रह्मदेशातल्या मर्तबान बंदराची आठवण सांगतो. मीठ, मोहरी, हळद, आले हे जुने रहिवासी. बाकीचे पाहुणे येत गेले आणि घरचे झाले.

मिठाची गोष्टही साधी नाही. १८८२च्या कायद्याने मिठावर सरकारचा मक्ता पक्का झाला. वर्षाच्या लोणच्यासाठी मीठ मोजून घेणारी प्रत्येक गृहिणी सरकारला कर देत होती. १९३०च्या मे महिन्यात शिरोड्याच्या मिठागरांवर सत्याग्रह झाला, तेव्हा त्या लढ्याचा एक धागा स्वयंपाकघरातल्या फडताळापर्यंत पोचत होता. हा कर रद्द झाला तो १९४७ साली.

आता प्रश्न हातांचा. कैरी मुळातच आंबट, म्हणून ती टिकायला सोपी. भाज्यांत पाणी अधिक आणि आम्ल कमी, म्हणून त्यांच्या लोणच्याला निगुती अधिक लागते. मीठ फोडींतले पाणी ओढून घेते, लिंबाच्या आम्लाने सूक्ष्मजीवांची वाढ रोखली जाते, फेसलेली मोहरी बुरशीला आवर घालते. ओला हात किंवा ओला चमचा लागला की लोणचे बिघडते, हा अनुभव शेकडो वर्षांचा आणि खराच. परंतु याच अनुभवाच्या आडोशाने सोवळ्याचा नियम उभा राहिला. मासिक पाळीतल्या बाईची सावली पडली तरी लोणचे नासते, असे सांगितले गेले. लोणच्याला पाण्याचा थेंब कळतो. पाळी कळत नाही आणि जातही कळत नाही. उच्चवर्णीय घरांत तर मंगलकार्यात जिला पुढे येण्याची मुभा नव्हती, त्या विधवा आत्याबाईंनी सोवळ्यात घातलेले लोणचे त्याच कार्याच्या पंगतीत पानाच्या डाव्या बाजूला वाढले जाई. त्या हातांची नावे कुठेही नोंदलेली नाहीत.

छापील पाककृतींनी या व्यवस्थेला थोडा छेद दिला. १८७५चे 'सूपशास्त्र', १९१०चे लक्ष्मीबाई धुरंधर यांचे 'गृहिणीमित्र', आणि १९७०ची कमलाबाई ओगले यांची 'रुचिरा' या वाटेने स्वयंपाकघरातले ज्ञान पुस्तकात आले. 'रुचिरा'ने तर वाटी-चमच्याचे प्रमाण दिले. 'अंदाजाने मीठ' हे ज्या मुलीला सासूबाईंकडून वा आईकडून शिकायला मिळाले नाही, तिलाही भाड्याच्या खोलीत लोणचे घालता येऊ लागले. ज्ञान हातातून कागदावर उतरले की त्याची लज्जत थोडी कमी होते, हे आम्हांला मान्य आहे. पण त्यावरचा पहाराही उठतो.

म्हणून परंपरा जपायची म्हणजे काय जपायचे, हे निवडावे लागते. फोडी कोरड्या करण्याची शिस्त, मोहरी फेसण्याचा धीर, खार वर येईपर्यंत वाट पाहणे हे जपण्याजोगे आहे. बरणीला कोणी हात लावायचा नाही, ही यादी मात्र जपण्याचे कारण आम्हांला दिसत नाही. ज्या लोणच्याने मिरचीला आणि फ्लॉवरला आत घेतले, ते घरातल्याच बाईला चार दिवस बाहेर बसवते, ही विसंगती आपल्या पिढीने तरी पुढे नेऊ नये.