एका रुपयाची चूक

घरच्या जमाखर्चांत एका रुपयाची चूक निघाली, तर आपण ती दुरुस्त करतों व विसरून जातों. तीच चूक न्यायालयाच्या कागदांत घडली, म्हणजे पदरीं पडलेली जमीन हातची जाण्याची वेळ येते. त्या वेळच्या पंजाबांत, म्हणजे आतांच्या हरयाणांत असलेल्या सिरसा येथें असें प्रत्यक्ष घडलें.

विकल्या गेलेल्या जमिनीवर एका वादीनें आपला अग्रहक्क सांगितला. तडजोडीच्या हुकूमनाम्याप्रमाणें त्यानें १ मे १९५८ पर्यंत ५९५१ रुपये भरावे, न भरल्यास दावा रद्द व्हावा, असें ठरलें. १००० रुपये त्यानें आधींच भरले होते. बाकीच्या रकमेसाठीं त्यानें ६ जानेवारीसच अर्ज केला. न्यायालयाच्या कारकुनानें चलनावर ४९५१ च्या जागीं ४९५० लिहिले. वादीनें तितकेच रुपये त्याच दिवशीं बँकेंत भरले. मे महिन्यांत त्यास ताब्याचा हुकूमही मिळाला. पुढें प्रतिवादी पैसे नेण्यास आला, तेव्हां एक रुपया कमी असल्याचें उघडकीस आलें. मुदत तर टळून गेली होती!

जिल्हा न्यायालय व उच्च न्यायालय या दोन्ही ठिकाणीं वादी हरला. १९६३ सालीं सर्वोच्च न्यायालयानें मात्र निराळा निर्णय दिला. न्यायालयाच्या कृतीनें कोणाही पक्षकाराचें नुकसान होतां कामा नये, या जुन्या तत्त्वाचा आधार घेऊन त्यानें उभयपक्षांस ६ जानेवारी १९५८ च्या स्थितीवर पुन्हा आणून ठेविलें.

निकालपत्रांतच असा प्रमाद राहिला, तर त्यासाठीं कायद्यानें स्वतंत्र वाट ठेविली आहे. १८८२ च्या दिवाणी प्रक्रिया संहितेचें २०६ वें कलम केवळ हुकूमनाम्याच्या दुरुस्तीपुरतें होतें. १९०८ च्या संहितेच्या १५२ व्या कलमानें निकालपत्र व आदेश यांतील लेखनाच्या, हिशेबाच्या आणि अनवधानाच्या चुकाही केव्हांही सुधारण्याची मुभा दिली. पक्षकारानें अर्ज केलाच पाहिजे असेंही नाहीं. न्यायालय आपण होऊन चूक सुधारूं शकतें. हें कलम अद्याप चालू आहे.

परंतु ही मुभा लेखणीच्या चुकीपुरती आहे, मताच्या चुकीपुरती नाहीं, हा भेद वाचकांनीं ध्यानांत ठेवावा. बेरीज चुकली किंवा जमिनीचा क्रमांक उतरून घेतांना अंक बदलला, तर दुरुस्ती होते. विचारपूर्वक नाकारलेलें व्याज मागाहून या कलमाखालीं देतां येत नाहीं. त्यासाठीं अपील किंवा पुनर्विलोकन हाच मार्ग. तसें नसतें, तर कोणताही निकाल कधींच संपला नसता, व जिंकलेल्यासही सुखानें झोंप लागली नसती.

चूक कबूल केल्यानें न्यायासनाची प्रतिष्ठा उणावते, असें कित्येकांस वाटतें. आमचें मत उलट आहे. आपल्याच कारकुनाच्या एका रुपयासाठीं दुसऱ्याची जमीन जाऊं देणारें न्यायासन कितीही उंच असलें, तरी त्याच्यापुढें लोकांची मान भयानेंच लवेल, आदरानें नव्हे.