चंद्रलोकची सुरेल भाषा

मनुष्यानें चंद्रावर पाऊल ठेवलें तें इ. स. १९६९ मध्यें; परंतु तेथील लोक कोणती भाषा बोलतात याचें वर्णन इंग्लंडांतील एका बिशपानें तीनशें वर्षांहून अधिक काळ आधींच लिहून ठेवलें होतें. हेरफर्डचा बिशप फ्रान्सिस गॉडविन हा १६३३ मध्यें वारला. त्यानंतर पांच वर्षांनीं, १६३८ मध्यें, 'चंद्रावरील मनुष्य' अशा अर्थाच्या नांवाची त्याची छोटीशी कादंबरी प्रसिद्ध झाली. पुस्तकावर गॉडविनचें नांव नव्हतें. डोमिंगो गोन्सालेस नामक एका स्पॅनिश गृहस्थाची ती आत्मकथा आहे असा बहाणा केलेला होता. हा गोन्सालेस रानहंसांना शिकवून तयार करतो, त्यांस एक सांगाडा जुंपतो आणि त्यावर बसून चंद्रलोकीं पोंचतो. हंसांची ही युक्ति मुलांना आवडेल. भाषेच्या अभ्यासकाला मात्र गोन्सालेसनें तेथें काय ऐकलें यांत अधिक रस वाटतो.

चंद्रवासीयांच्या भाषेंत शब्द थोडे आणि सूर फार. एकच शब्द निरनिराळ्या सुरांत उच्चारला म्हणजे त्याचे निरनिराळे अर्थ होतात. इतकेंच नव्हे, तर मनांत आल्यास हे लोक शब्दांवांचून, नुसत्या सुरावटीनें, आपलें मनोगत सांगूं शकतात. ईश्वराचें गौरव करणारें त्यांचें अभिवादन आणि खुद्द गोन्सालेसचें नांव हे दोन नमुने पुस्तकांत पाश्चात्त्य स्वरलिपींत छापलेले आहेत.

ही कल्पना आकाशांतून पडलेली नव्हती. चीनमध्यें राहिलेल्या मात्तेओ रिच्ची या जेझुइट धर्मोपदेशकाच्या टिपणांवरून निकोला त्रिगो यानें रचलेला लॅटिन ग्रंथ १६१५ मध्यें निघाला, आणि चिनी भाषेंतील सुरांचें नवल युरोपांतील विद्वानांस कळलें. उत्तर चीनच्या बोलींत 'मा' हें एकच अक्षर चार सुरांत म्हटलें असतां आई, अंबाडीसारखें एक वाखाचें झाड, घोडा आणि रागें भरणें असे चार अर्थ होतात. गॉडविननें आपलें ऋण लपविलें नाहीं; त्याचा नायक परततांना चीनमध्येंच उतरतो आणि तेथील अधिकाऱ्यांची भाषाहि सुरांची आहे असें त्यास आढळतें. चिनी लिपीविषयींहि असेंच कुतूहल होतें. भिन्न भाषा बोलणारे लोक तीं चिन्हें आपापल्या भाषेंत वाचतात, हें बेकननें १६०५ मध्यें नमूद केलें होतें. लॅटिनचें साम्राज्य ओसरत होतें. व्यापारी आणि धर्मोपदेशक दूरदेशीं जात होते. सर्व राष्ट्रांना समजेल असें एखादें साधन असावें, ही त्या काळाची खरी गरज होती.

जॉन विल्किन्सनें ही गरज मनावर घेतली. १६४१ च्या आपल्या ग्रंथांत त्यानें गॉडविनच्या सुरांचा उल्लेख करून अक्षरांस स्वर नेमून देण्याची रीत मांडली. आणि स्वरांनीं अक्षरांऐवजीं थेट वस्तु व कल्पना दर्शविल्या, तर ती भाषा सर्व राष्ट्रांची होईल असें सुचविलें. पुढें १६६८ मध्यें त्यानें सर्व पदार्थांचे आणि विचारांचे चाळीस वर्ग पाडून एक संपूर्ण कृत्रिम भाषा रचली. रॉयल सोसायटीच्या आश्रयानें तो भव्य ग्रंथ छापला गेला. पण ती भाषा लोकव्यवहारांत कधींच आली नाहीं. ते चाळीस वर्ग सतराव्या शतकांतील एका इंग्रज पंडितानें पाहिलेल्या जगाचे होते; जगांतील सर्व माणसें आपला अनुभव तसाच विभागतात असें मानण्यास आधार नव्हता.

परंतु मुख्य गोष्ट निराळीच आहे. विल्किन्सचा १६४१ चा ग्रंथ मुळांत गुप्त व जलद संदेशांविषयींचा होता. गॉडविननेंहि १६२९ मध्यें संदेश पाठविण्याच्या युक्तींवर एक लॅटिन पुस्तिका लिहिली होती; आणि त्याच्या चंद्रलोकच्या सुरावटी म्हणजे एकेका अक्षरास एकेक स्वरचिन्ह देऊन केलेली सांकेतिक लिपि होय, असें पुढील संशोधकांनीं दाखविलें आहे. चंद्राची ती अद्भुत वाणी म्हणजे स्वरांचा पोशाख घातलेलीं युरोपीय अक्षरें! शिवाय, गोन्सालेसचें सुरेल नांव चंद्रवासी केव्हां उच्चारतात? त्याच्यासमक्ष त्याच्याविषयींच बोलावयाचें असून त्याला तें कळूं द्यावयाचें नसतें तेव्हां. जिच्यापासून विल्किन्सनें सर्व राष्ट्रांस जोडण्याची आशा धरली, तिचा कथेंतील एक उपयोग असा परक्याला वगळण्याचा आहे.

फ्रेंच लेखक सिरानो द बेर्जराक यानें हें मर्म ओळखलें असावें. त्याच्या मृत्यूनंतर १६५७ मध्यें प्रसिद्ध झालेल्या चंद्रप्रवासाच्या कथेंत चंद्रावर दोन भाषा आहेत: सुरांची भाषा थोरामोठ्यांची, आणि हातापायांच्या हालचालींची भाषा सामान्य जनांची. संस्कृत नाटकांत राजा संस्कृत बोलतो आणि सेवकांच्या तोंडीं प्राकृत असतें, हें ठाऊक असलेल्या आपल्या वाचकांस ही वांटणी अपरिचित वाटणार नाहीं. भाषा कितीहि निर्दोष घडविली, तरी ती कोणास शिकूं द्यावयाची हा प्रश्न समाजाच्या हातीं उरतोच.

पुढें फ्रान्समध्यें सुद्र यानें सात स्वरांवरच उभारलेल्या सार्वत्रिक भाषेचा ग्रंथ त्याच्या पश्चात् १८६६ मध्यें निघाला. तीहि थोड्या हौशी लोकांपलीकडे गेली नाहीं. ज्या चिनी सुरांनीं बिशपाला चंद्राची आठवण करून दिली, ते सूर मात्र कोट्यवधि माणसांच्या तोंडीं आजहि आहेत. तेथील लेंकरूं ते आईच्या मांडीवर बसून शिकतें, आणि त्यासाठीं त्याला कोणाच्या चाळीस वर्गांची गरज पडत नाहीं.