पंचांगातला चंद्र आणि नांदगावचे स्वप्न

पेणच्या खारेपाटात भरती केव्हा येईल असे कोणाला विचारले, तर तो आधी आजची तिथी आठवतो आणि तिची पाऊणपट करतो. चतुर्थी असेल तर पूर्ण भरती तीनच्या सुमारास, अष्टमी असेल तर सहाच्या. पौर्णिमेनंतर पुन्हा प्रतिपदेपासून मोजायचे. धरमतरच्या खाडीला हा हिशेब लागू पडतो आणि रोह्याच्या कुंडलिकेलाही. मात्र मुखापासून जितके आत जावे तितके पाणी उशिरा चढते. उधाणात बांधाला खांड पडली तर खारे पाणी भातशेतीत शिरते आणि जमीन पुढचा काही काळ नापीक होते. त्यामुळे हे गणित इथे तोंडपाठ असावे लागते.

या हिशेबात एक चंद्र गृहीत धरलेला आहे. तो दर तिथीला बरोबर पाऊण तास मागे पडतो, कधी घाई करीत नाही आणि कधी रेंगाळत नाही. असा चंद्र आकाशात नाही. (पंधरा तिथींत भरतीची वेळ बारा तास सरकायला हवी, पाऊणपटीने ती सव्वाअकराच तास सरकते. तिथीमागे ४८ मिनिटे धरली की मेळ बसतो. पण पाऊणपट तोंडी करता येते, म्हणून तीच टिकली.)

ज्योतिर्गणितात या काल्पनिक चंद्राला ‘मध्यम चंद्र’ म्हणतात. तो रोज १३ अंश १० कला ३५ विकला या एकाच गतीने चालतो. खऱ्या चंद्राची रोजची गती मात्र सुमारे पावणेबारा अंशांपासून सव्वापंधरा अंशांपर्यंत बदलते. म्हणून आधी मध्यम चंद्र मांडायचा, मग त्याला ‘मंदफल’ नावाची दुरुस्ती देऊन ‘स्पष्ट चंद्र’ काढायचा, अशी आपल्याकडची रीत होती. स्पष्ट चंद्र सूर्यापासून बारा अंश पुढे गेला की एक तिथी पूर्ण होते. गती बदलती असल्यामुळे एखादी तिथी वीस तासांत संपते, तर एखादी जवळजवळ सत्तावीस तास चालते. ‘यंदा दोन चतुर्थ्या कशा?’ या वर्गात हमखास येणाऱ्या प्रश्नाचे उत्तर एवढेच आहे. काल्पनिक ज्योतीवर हिशेब चालवणे चमत्कारिक वाटत असेल, तर मनगटावरचे घड्याळ पाहावे. तेही खऱ्या सूर्याने नव्हे, तर एकसारख्या चालणाऱ्या ‘मध्यम सूर्या’च्या कल्पनेवर लावलेले असते.

महाराष्ट्रातील पंचांगांना हा चंद्र बराच काळ ज्या ग्रंथाने पुरवला, तो रायगड जिल्ह्यातलाच. मुरूडच्या उत्तरेला समुद्रकाठी नांदगाव आहे. पंधराव्या शतकाच्या अखेरीस तेथे केशव दैवज्ञ राहत होते. ‘ग्रहकौतुक’ हा त्यांचा करणग्रंथ शके १४१८चा, म्हणजे इ.स. १४९६चा. दंतकथा अशी सांगतात की, केशवांनी वर्तवलेले एक ग्रहण चुकले आणि तेथील अधिकाऱ्याने त्यांची थट्टा केली. खिन्न होऊन ते गावच्या गणपतीच्या देवळात जाऊन बसले. तेव्हा गणपतीने स्वप्नात येऊन सांगितले, की हे काम तुझ्या हातून पुरे होणार नाही. मीच तुझ्या पोटी जन्म घेऊन ते करीन. पुढे झालेल्या मुलाचे नाव गणेश ठेवले. हेच ‘ग्रहलाघव’कार गणेश दैवज्ञ.

दंतकथेवर विश्वास ठेवण्याचे कारण नाही. पण तिच्या पोटात दडलेली कबुली मला मोलाची वाटते. ग्रहण चुकले, हे ती लपवीत नाही. केशवांचे स्वतःचे लेखनही याला धरूनच आहे. जुन्या सिद्धांतांवरून येणारी ग्रहांची स्थाने आणि आकाशात दिसणारी स्थाने यांत फरक पडतो, तेव्हा पुढच्या गणकांनी वेध घेऊन गणित सुधारत राहावे, असे त्यांनी स्पष्ट लिहून ठेवले आहे. मुलाने तेच केले. स्वप्नाचे श्रेय गणपतीला, पण रात्री जागून वेध घेतले ते बापाने.

‘ग्रहलाघवा’तील गणिताचा आरंभ शके १४४२, म्हणजे इ.स. १५२० पासून. ज्या आणि चाप, म्हणजे आजच्या भाषेत त्रिकोणमिती, गणेशांनी पूर्णपणे टाळली. दिवसांच्या प्रचंड संख्या हाताळाव्या लागू नयेत म्हणून ११ वर्षांचे, ४०१६ दिवसांचे एक चक्र कल्पिले. चंद्रासाठी सूर्यसिद्धांताच्या मताचा आधार घेतला, पण तो जसाच्या तसा नाही. त्यातून नऊ कला वजा केल्या. नऊ कला म्हणजे अंशाचा सहावा हिस्साही नाही. तरी तेवढ्याने तिथी संपण्याची वेळ सुमारे अठरा मिनिटांनी पुढे जाते. परंपरेने पूज्य मानलेल्या ग्रंथातील चंद्र आकाशाशी जुळवण्यासाठी एवढासा मागे ओढायचा, हा धीटपणा सोळाव्या शतकातला आहे.

याच्याही पलीकडे एक फरक शिल्लक होताच. मंदफल जास्तीत जास्त पाच अंशांच्या आसपास धरले जाई. पौर्णिमा आणि अमावास्येला ते योग्यच ठरते, आणि ग्रहणे त्याच दिवशी होतात. अष्टमीच्या सुमारास मात्र सूर्याच्या ओढीमुळे खऱ्या आणि मध्यम चंद्रातले अंतर साडेसात अंशांपर्यंत जाऊ शकते. म्हणजे अडीच अंशांची चूक, तिथीच्या हिशेबात सुमारे पाच तास. दहाव्या शतकात मुंजालाने ‘लघुमानसा’त यासाठी वेगळी दुरुस्ती दिली होती, पंचांगकर्त्यांनी ती सहसा उचलली नाही. गणिताची परीक्षा ग्रहणावरून होई, आणि ग्रहणाच्या दिवशी ही चूक दिसतच नसे.

स्वप्नाच्या आधाराने चंद्राचे शास्त्र सांगणारा आणखी एक माणूस युरोपात होऊन गेला. योहानेस केप्लरने १६०९च्या सुमारास ‘स्वप्न’ याच नावाची एक कथा लिहिली. ती त्याच्या मृत्यूनंतर १६३४ साली छापली गेली. त्यातील चंद्रावरच्या रहिवाशांना पृथ्वी आभाळात एकाच जागी लटकलेली आणि स्वतःभोवती फिरणारी दिसते. पृथ्वी फिरते हे उघड सांगणे अवघड असताना केप्लरने वाचकालाच चंद्रावर नेऊन उभे केले. समुद्राला भरती चंद्राच्या ओढीने येते, असेही त्याने १६०९ सालच्या दुसऱ्या ग्रंथात म्हटले होते. गॅलिलिओने १६३२ मध्ये त्यालाच नावे ठेवली. खारेपाटातल्या शेतकऱ्याने ती ठेवली नसती.

इकडे ‘ग्रहलाघव’ इतके सोयीचे होते की गावोगावचे जोशी त्यावरून पंचांग करू लागले आणि गणेशांच्या नऊ कलाही पुढे पूज्य झाल्या. वेध घेऊन सुधारावे, हे केशवांचे सांगणे मागे पडले आणि कोष्टक तेवढे उरले. साडेतीनशे वर्षांनंतर ते पुन्हा ऐकणारा माणूसही याच किनाऱ्यावरचा निघाला: अलिबागजवळच्या नागावचे केरो लक्ष्मण छत्रे. त्यांनी १८६० साली ‘ग्रहसाधनाची कोष्टके’ प्रसिद्ध केली आणि १८६५ पासून वेधाशी जुळणारे पटवर्धनी पंचांग निघू लागले. त्यावरून वाद झाले आणि दोन पंचांगांचे सण वेगवेगळ्या दिवशी येऊ लागले. १९५२ साली मेघनाद साहा यांच्या अध्यक्षतेखाली दिनदर्शिका सुधारणा समिती नेमली गेली, तीही अशाच गोंधळाच्या पार्श्वभूमीवर.

रोहे आणि पेणच्या शाळांना एक प्रयोग सहज करता येईल. संकष्टीला चंद्रोदयाची छापील वेळ टिपून ठेवावी आणि प्रत्यक्ष चंद्र डोंगरावर केव्हा आला ते पाहावे. छापील वेळ सपाट क्षितिजाची असते, आणि पूर्वेला तर डोंगर. डोंगर एक अंश उंच असेल तर चंद्र चार मिनिटांहून थोडा अधिक उशीर करतो. चार-सहा संकष्ट्यांच्या नोंदी झाल्या, की मुलांना आपल्या गावच्या डोंगराची उंची अंशांत सांगता येईल.